बेलसनच्या छावणीतली लग्नं

15 एप्रिल 1945 रोजी ब्रिटिश सैन्य उत्तर जर्मनीतल्या नाझींच्या बर्गन-बेलसन छळछावणीत शिरलं. तिथे तेव्हा सुमारे 60,000 माणसं होती आणि न पुरलेली हजारो प्रेतं उघड्यावर पडलेली होती. टायफसची साथ (आपला टायफॉइड नव्हे, उवांमधून पसरणारा हा वेगळा ताप) इतकी भयंकर होती की सुटका झाल्यावरही जवळपास 14,000 जण दगावले. साथ थांबवण्यासाठी ब्रिटिशांनी लाकडी बराकी एकामागून एक जाळल्या. शेवटची बराक 21 मे रोजी जळाली. वाचलेल्यांना तिथून दोनेक किलोमीटरवर जर्मन सैन्याच्या पक्क्या बांधकामाच्या बराकींत हलवण्यात आलं. तिथेच पुढे विस्थापितांची छावणी झाली, मुख्यतः ज्यूंची.

त्या बराकींत काही महिन्यांतच लग्नं लागू लागली. पहिल्या दोन-तीन वर्षांत हजाराहून अधिक लग्नं झाली, कधीकधी एकाच दिवशी पाच-सहा. 1950 मध्ये छावणी रिकामी होईपर्यंत तिथे दोन हजारांच्या आसपास बाळं जन्माला आली. बेलसन हे काही एकटं उदाहरण नव्हतं. दक्षिण जर्मनीत लांड्सबर्ग, फेल्डाफिंग, फोरेनवाल्ड अशा ज्यू विस्थापितांच्या छावण्या होत्या आणि तिथेही हेच चाललं होतं. 1946-47 या काळात छावण्यांतल्या ज्यूंचा जन्मदर जगातल्या सर्वाधिक दरांपैकी एक होता.

ही हकिकत बहुतेकदा दोन वाक्यांत उरकली जाते: मृत्यूवर जीवनाने मात केली, द्वेषावर प्रेमाने विजय मिळवला. मला हे पटत नाही. खोटं आहे म्हणून नव्हे. या माणसांनी प्रत्यक्षात काय काय निस्तरलं ते त्या दोन वाक्यांखाली गाडलं जातं म्हणून. इथे दु:ख होतं, घाई होती, धर्मशास्त्राचा अवघड पेच होता, कागदपत्रांची मारामार होती, आणि बऱ्याच ठिकाणी प्रेमही होतं. हे सगळं एकत्र कसं नांदलं ते समजून घ्यायचं तर आधी मागे उरलं कोण, ते पाहावं लागतं.

छळछावण्यांत पोहोचलेल्या म्हाताऱ्यांना, लहान मुलांना आणि कडेवर मूल असलेल्या आयांना बहुतेकदा त्याच दिवशी मारलं गेलं. काम करून घेण्याजोगे धडधाकट तरुण तेवढे जिवंत ठेवले गेले आणि त्यांतलेही थोडेच वाचले. त्यामुळे 1945 मध्ये बेलसनमध्ये जो समाज उरला त्यात आजी-आजोबा जवळपास नव्हते, पाच-सात वर्षांची पोरं अगदी विरळा होती, आणि उरलेले बहुतेक जण अठरा ते चाळीस या वयातले होते. पोलंड आणि हंगेरी हे दोन मोठे गट. त्यांतल्या कित्येकांची लग्नं युद्धापूर्वी झालेली होती आणि नवरा, बायको, मुलं मारली गेली होती. इतर कित्येक जण पंधरा-सोळाव्या वर्षी पकडले गेले होते. वयात येण्याची सगळी वर्षं त्यांनी तारेच्या कुंपणाआड काढली होती.

त्यांना जायला जागाही नव्हती. पोलंडला परतलेल्यांना आपल्या घरात दुसरीच माणसं राहताना दिसली. 4 जुलै 1946 रोजी किएल्त्से शहरात जमावाने 42 ज्यूंची हत्या केली, तेव्हा पोलंडमधून पळणाऱ्यांचा लोंढा वाढला. पॅलेस्टाइनचा ताबा ब्रिटिशांकडे होता आणि ते महिन्याला 1,500 प्रवेश-परवान्यांपलीकडे जायला तयार नव्हते. अमेरिकेचा कोटा जन्माच्या देशानुसार ठरलेला आणि आखडता. म्हणजे ज्या देशाने आईबापांना मारलं त्याच देशात, त्याच्याच सैनिकांच्या जुन्या बराकींत, किती वर्षं काढायची याचा पत्ता नाही. अशा अवस्थेत माणूस एकटा असेल तर रात्र फार लांब होते.

लग्नं कशी जुळत? युद्धापूर्वीच्या पूर्व युरोपात ज्यूंची लग्नं बव्हंशी घरचे आणि मध्यस्थ जुळवत. घराणं, हुंडा, मुलाची विद्वत्ता, मुलीच्या वडिलांची पत, सगळं तोलून पाहिलं जाई. ते तोलणारे हातच आता उरले नव्हते. छावणीत भिंतीवर वाचलेल्यांच्या याद्या लागत आणि लोक तासन् तास त्या याद्यांपुढे उभे राहत. कुणाला भाऊ सापडे, कुणाला चुलत बहीण, बहुतेकांना कुणीच नाही. पण आपल्या गावचं एखादं नाव मात्र दिसे. ते फार मोठं होतं. ज्याने तुमची गल्ली पाहिली आहे, तुमच्या वडिलांचं दुकान पाहिलं आहे, तुमच्या बहिणीला नावाने ओळखलं आहे, असा एक माणूस जगात शिल्लक आहे! अशा ओळखीतून कितीतरी लग्नं जुळली. मागणी घालण्याची भाषा अगदी थोडक्यात असे: माझं कुणी नाही, तुझंही कुणी नाही. ओळख झाल्यापासून काही आठवड्यांत, कधी काही दिवसांतच लग्न ठरे.

बेलसनमधल्या ज्यूंचा पुढारी होता योसेफ रोझेनसाफ्ट, पोलंडच्या बेंजिन गावचा. पोलंडमधल्या आउशविट्झच्या मृत्यूछावणीला नेणाऱ्या गाडीतून त्याने नदीत उडी टाकली होती, निसटला होता आणि नंतर पुन्हा पकडला गेला होता. त्याची बायको आणि तिची मुलगी मारल्या गेल्या होत्या. हदासा बिम्को या शेजारच्याच सोस्नोवियेत्सच्या. फ्रान्समध्ये शिकलेल्या दंतवैद्य. आई-वडील, नवरा आणि साडेपाच वर्षांचा मुलगा आउशविट्झ-बिर्केनाऊमध्ये मारले गेले होते. 1944 च्या अखेरीस बेलसनमध्ये आणल्यावर त्यांनी काही बायकांच्या मदतीने दीडशेच्या आसपास पोरक्या मुलांना जगवलं. सप्टेंबर 1945 मध्ये ल्यूनेबुर्गच्या न्यायालयात बेलसनच्या रक्षकांविरुद्ध साक्ष दिली. छावणीच्या समितीत दोघं एकत्र काम करत होते. 18 ऑगस्ट 1946 रोजी त्यांनी लग्न केलं. त्यांचा मुलगा 1 मे 1948 रोजी बेलसनमध्येच जन्मला.

हे प्रेम होतं की गरज? असं विचारणाऱ्याला मी उलट विचारीन की या दोन गोष्टी कुठल्या लग्नात पूर्णपणे वेगळ्या काढता येतात? आपल्या आजी-आजोबांची लग्नं पाहून-सवरून, दोन घरांनी ठरवलेली. त्यांत प्रेम नंतर आलं किंवा आलं नाही. बेलसनमध्ये ठरवणारी घरं नव्हती, एवढाच फरक. तिथल्या कित्येक जोडप्यांनी साठ-साठ वर्षं संसार केला. काही जोडपी मात्र मुळातच विजोड होती: शहरात शिकलेली मुलगी आणि खेड्यातला कारागीर, तिशी-चाळिशीतला विधुर आणि अठराची पोर, यिडिश (पूर्व युरोपातल्या ज्यूंची भाषा) बोलणारा नवरा आणि फक्त हंगेरियन जाणणारी बायको. सुखाच्या काळात ही दोघं एकमेकांसमोर कधीच आली नसती. अशा लग्नांना वाचलेले लोक स्वतःच ‘हिटलरची लग्नं’ म्हणत. त्यांतली काही मोडली. पुष्कळशी मोडली नाहीत, कारण मोडून जायचं कुठे?

आता सगळ्यात अवघड भाग. ज्यू धर्मशास्त्राप्रमाणे विवाहित स्त्री दोनच मार्गांनी मोकळी होते. एक, नवऱ्याने हातात लेखी काडीमोड दिला तर. दुसरा, नवऱ्याचा मृत्यू सिद्ध झाला तर. नवरा नुसता बेपत्ता असेल तर कितीही वर्षं गेली तरी ती त्याचीच बायको राहते. अशा अडकून पडलेल्या स्त्रीला ‘अगुना’ म्हणतात. आपल्या कायद्यात सात वर्षं कुणाचा ठावठिकाणा लागला नाही तर तो मृत धरता येतो. ज्यू धर्मशास्त्रात अशी मुदतच नाही.

आणि इथे तर नवरा कुठे मेला, कधी मेला, हे सांगणारं काहीच नव्हतं. नाझींनी मृतदेह जाळले होते. गॅसच्या कोठडीत पाठवलेल्यांची नोंदही बहुतेकदा केली नव्हती. मृत्यूचा दाखला नाही, थडगं नाही, पाहिलेला माणूस नाही, कारण ज्यांनी पाहिलं तेही मेले. हजारो स्त्रिया या अवस्थेत होत्या.

रब्बींच्या, म्हणजे ज्यू धर्मगुरूंच्या, समोरचा पेच खरा होता. ते उगाच अडवून धरत नव्हते. समजा एखाद्या बाईला परवानगी दिली, तिने लग्न केलं, मूल झालं आणि मग पहिला नवरा सोव्हिएत हद्दीतून जिवंत परत आला, तर? शास्त्राप्रमाणे तिला दोघांनाही सोडावं लागेल. आणि दुसऱ्या संबंधातल्या मुलावर असा कलंक बसेल की त्याला सर्वसामान्य ज्यू कुटुंबात लग्नच करता येणार नाही. तो कलंक त्याच्या वंशजांपर्यंत जाईल. नवरे परत येण्याच्या घटना घडत होत्या. त्यामुळे परवानगी नाकारली तर बाई आयुष्यभर एकटी राहणार, आणि चुकीची दिली तर तिची मुलं भोगणार.

पण याच शास्त्रात एक जुनी वाट होती. एरवी साक्षीला दोन पुरुष लागतात. अगुनाच्या बाबतीत मात्र प्राचीन पंडितांनीच नियम सैल ठेवला होता: एक साक्षीदार पुरतो, ती स्त्री असली तरी चालते, ऐकीव साक्षही चालते. छावण्यांमधल्या धर्मन्यायालयांनी या वाटेचा पुरेपूर उपयोग केला. बेलसनमध्ये हंगेरीचे रब्बी झ्वी हिर्श मायझल्स, जे स्वतः आउशविट्झमधून वाचले होते, या कामात पुढे होते. बाई येऊन सांगे की नवरा अमुक गावातून अमुक दिवशी गाडीत चढवला गेला. मग त्या गाडीचं काय झालं याची चौकशी. त्याच गाडीतला कुणी वाचला आहे का? त्याने त्या माणसाला फलाटावर कोणत्या बाजूला जाताना पाहिलं? आउशविट्झच्या फलाटावर नाझी डॉक्टर हाताने खूण करत: एका बाजूला मजुरी, दुसऱ्या बाजूला मृत्यू. त्या दुसऱ्या बाजूला गेलेला माणूस परत येत नाही, हे सगळ्यांना ठाऊक होतं. त्यामुळे तिकडे पाठवलं जाताना पाहिल्याची साक्ष मृत्यूच्या साक्षीइतकी भक्कम मानता येईल, असा विचार रब्बींनी मांडला. लक्षात घ्या, हे सगळं करणारे बरेचसे रब्बी स्वतःच बायका-मुलं गमावलेले होते. दिवसभर परक्यांच्या मृत्यूचे तपशील विचारायचे, लिहून घ्यायचे, पडताळायचे. कारकुनी दिसणारं हे काम मला त्या काळातल्या सर्वात करुणामय कामांपैकी एक वाटतं.

पुरुषांनाही हा फास होता, थोडा सैल. बायको असताना दुसरी करायची नाही असा दंडक युरोपातल्या ज्यूंमध्ये इ. स. 1000 च्या सुमारास रब्बी गेर्शोम यांच्या नावाने रूढ झाला. त्यातून सुटायचं तर शंभर रब्बींची संमती घ्यायची असते. शंभर रब्बी! युद्धानंतर संबंध जर्मनीत तेवढे गोळा करणं म्हणजे काय, याची कल्पना करा. तरी सह्या जमवल्या गेल्या, देशोदेशी पत्रं गेली.

आणखी एक गाठ होती. निपुत्रिक विधवेला पुन्हा लग्न करायचं तर आधी मृत नवऱ्याच्या भावाने एका विधीने तिला मोकळं करावं लागतं. दीर जिवंत आहे का? असला तर कुठे? शिवाय थांबण्याचे नियम. विधवेने पुनर्विवाहाआधी तीन महिने थांबायचं, विधुराने तीन सण जाऊ द्यायचे. पण मृत्यूची तारीखच ठाऊक नसेल तर मोजायचं कुठून? वर्षश्राद्धासाठीही हाच प्रश्न. पुष्कळांनी गाडीत चढवलं गेल्याचा दिवस हाच मृत्यूदिन धरला.

सगळेच रब्बींकडे गेले नाहीत. श्रद्धा गमावलेले, समाजवादी, किंवा नुसते थकलेले असे कितीतरी जण न विचारता एकत्र राहू लागले. त्यांना दोष देण्याची माझी तयारी नाही.

या शास्त्राचा एक धागा थेट आपल्या कोकणापर्यंत येतो. रायगडच्या किनाऱ्यावर पिढ्यान्पिढ्या तेलाचे घाणे चालवणारे, मराठी बोलणारे बेने इस्रायल ज्यू 1948 नंतर हजारोंनी इस्रायलला गेले. त्यांच्यात परंपरेने रब्बी नव्हते. त्यांचे काडीमोड आणि विधवांना मोकळं करण्याचे विधी शास्त्राप्रमाणे झाले होते का, अशी शंका इस्रायलच्या मुख्य रब्बींनी काढली. 1962 मध्ये त्यांच्याशी इतर ज्यूंचं लग्न लावण्याआधी आजी-पणजीपर्यंत चौकशी करण्याचा आदेश निघाला. मराठी बोलणारी ही माणसं जेरुसलेममध्ये धरणं धरून बसली, इस्रायलच्या संसदेला विशेष बैठक घ्यावी लागली, आणि ऑगस्ट 1964 मध्ये आदेशातून बेने इस्रायलांचं नाव वगळलं गेलं. जर्मनीतल्या छावण्यांत ज्या शास्त्राचा अर्थ लावताना माणूस मोकळा कसा करता येईल हे शोधलं गेलं, तेच शास्त्र पंधरा-सोळा वर्षांनी माणसांवर संशय घेण्यासाठी वापरलं गेलं. पोथी तीच होती. वाचणाऱ्याची नजर बदलली होती, असं माझं मत आहे.

पुन्हा बेलसनकडे. परवानगी मिळाली की लग्नाची तयारी. ज्यू लग्नाला फारसं सामान लागत नाही: चार काठ्यांवर धरलेलं छत, नवऱ्याच्या मालकीची एक अंगठी, लग्नाचा करार, दोन साक्षीदार आणि प्रार्थनेला दहा पुरुष. छताला कुणाची तरी शाल चाले. करार हाताने लिहीत, पुढे छापील नमुने आले. अंगठी मिळवणं कठीण होतं, कारण सोनं नाझींनी कधीच ओरबाडून नेलं होतं. छावणीचं खरं चलन होतं सिगारेट आणि कॉफी. मदतसंस्थांच्या पेट्यांतून ती मिळत आणि जर्मन शेतकऱ्यांकडे त्यांच्या बदल्यात अंडी, कोंबडी, कापड मिळे.

एका वधूला पांढरा पोशाख हवा होता. आउशविट्झमधून वाचलेली ही मुलगी लहानपणापासून पांढऱ्या पोशाखात लग्न करण्याचं स्वप्न पाहत आली होती. तिच्या होणाऱ्या नवऱ्याने एका माजी जर्मन वैमानिकाला कॉफी आणि सिगारेट देऊन पांढरं पॅराशूट मिळवलं. छावणीतल्या शिंपिणीने त्यातून लांब बाह्यांचा झगा बेतला. 27 जानेवारी 1946 रोजी जवळच्या सेले गावच्या सिनेगॉगमध्ये (ज्यूंच्या प्रार्थनागृहात) लग्न लागलं. हे सिनेगॉग 1938 मध्ये नाझींनी केलेल्या सिनेगॉगच्या जाळपोळीतून वाचलं होतं, कारण आग लावली असती तर शेजारच्या जर्मन इमारती पेटल्या असत्या. त्या झग्यात पुढे तिच्या बहिणीचं, चुलत बहिणीचं आणि छावणीतल्या अनेक मुलींचं लग्न झालं. आज तो वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट (नाझींनी केलेला ज्यूंचा संहार) संग्रहालयात आहे.

पण लग्नाचा दिवस नुसता आनंदाचा नसे. ज्यू रीतीत आई-वडील वधूवरांना हाताला धरून छताखाली आणतात. आपल्याकडे मामा मुलीला बोहल्यावर घेऊन येतो ना, तसंच. इथे त्या जागी छावणीतले ओळखीचे कुणीतरी उभे राहत, किंवा सैन्यातले रब्बी. पूर्व युरोपात अनाथ मुलामुलींनी लग्नाआधी आई-वडिलांच्या थडग्यावर जाऊन त्यांना लग्नाचं आमंत्रण द्यायची चाल होती. थडगीच नव्हती. मग छताखाली, मंगलप्रसंगीच, मृतांसाठीची प्रार्थना म्हटली जाई. जमलेले सगळे रडत. शेवटी नवरा पायाखाली काचेचा पेला फोडतो. जेरुसलेमच्या मंदिराच्या विध्वंसाची आठवण म्हणून ही जुनी रीत आहे. बेलसनमध्ये त्या आवाजाला आणखी किती अर्थ होते ते सांगायला नको. आणि मग गाणं, नाच, मिळेल ते खाणं. पाहुणे म्हणजे सगळी बराक.

रात्री वधूवर कुठे जात? एका खोलीत तीन-चार जोडपी राहत. दोरीवर कांबळं टाकून आडोसा केलेला. एखाद्या जोडप्याला स्वतंत्र खोली मिळाली की सगळी बराक हेवा करी. एकांत नव्हता, पण छळछावणीत राहून आलेल्यांना उशाशी कुणीतरी आपलं माणूस असणं पुरे होतं. पुष्कळांना रात्री ओरडत जाग येई. जोडीदाराला कारण सांगावं लागत नसे. बाहेरच्या, हे न भोगलेल्या माणसाशी लग्न करण्यापेक्षा वाचलेल्यांनी वाचलेल्यांशीच लग्न का केलं, याचं एक उत्तर इथे आहे.

अर्थात अपवाद होते. बेलसनमध्ये आलेल्या ब्रिटिश सैनिकांपैकी नॉर्मन टर्गेल आणि छावणीत रुग्णांची शुश्रूषा करणारी गेना गोल्डफिंगर यांचं लग्न ऑक्टोबर 1945 मध्ये ल्यूबेकला झालं. लग्न लावलं ते बेलसनमध्ये प्रेतांवर अंत्यसंस्कार केलेल्या लष्करी रब्बी लेस्ली हार्डमन यांनी. गेनाचा पोशाखही पॅराशूटच्या कापडाचा. तो लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममध्ये आहे.

आणि मुलं. छावण्यांत उपासमारीने बायकांची पाळी बंद झाली होती. आपल्याला आता मूल होणारच नाही अशी भीती जवळजवळ प्रत्येकीला होती. त्यामुळे दिवस गेले की ती नुसती आनंदाची बातमी नसे. शरीर अजून आपलं आहे याचा तो पुरावा असे. पण भीतीही तेवढीच. बाळंतपण कसं करायचं, न्हाऊ कसं घालायचं, हे शिकवायला आई नाही, सासू नाही, मावशी नाही. गरोदर आणि अंगावर पाजणाऱ्या बायकांना जादा शिधा मिळे. छावणीच्या रस्त्यांवर बाबागाड्याच बाबागाड्या दिसू लागल्या. काही जोडप्यांनी मुलं सांभाळायला जर्मन बायका कामाला ठेवल्या. काहीच वर्षांपूर्वी काय होतं आणि आता काय, याचा विचार दोन्ही बाजूंच्या मनात आल्याशिवाय राहिला नसेल.

मध्य आणि पूर्व युरोपातल्या ज्यूंमध्ये बाळाला मृत नातेवाइकाचं नाव द्यायची रीत आहे. इथे नावं इतकी होती आणि बाळं इतकी थोडी की एकेका बाळाला दोन-दोन, तीन-तीन नावं ठेवली गेली: बापाच्या आईचं, आईच्या बापाचं, आणि कधी आधीच्या संसारातल्या मुलाचंही. ही मुलं मोठेपणी सांगतात की आपल्या नावाचं ओझं लहानपणीच जाणवायचं.

युद्धानंतरच्या प्रत्येक छावणीत असंच झालं असं मात्र समजू नये. कोल्हापूरजवळ वळिवड्याला 1943 पासून 1948 पर्यंत सुमारे 5,000 पोलिश निर्वासितांची वसाहत होती. सोव्हिएत हद्दपारीतून इराणमार्गे आलेल्या या लोकांत बहुतेक स्त्रिया आणि मुलं होती. नवरे, भाऊ आघाडीवर लढत होते. तिथे शाळा होत्या, चर्च होतं, नाटकं होत, पण लग्नांची लाट नव्हती. ती वाट पाहणाऱ्यांची वसाहत होती. युद्ध संपल्यावर सैनिक ब्रिटनमध्ये जमले आणि त्यांची कुटुंबं वळिवड्याहून तिकडे गेली. एका पोलिश मुलीने मात्र कोल्हापूरच्याच मुलाशी लग्न केलं आणि ती तिथेच राहिली. बेलसनमध्ये वाट पाहण्यासारखं कुणी उरलं नव्हतं. त्या घाईचं खरं मूळ मला तिथे दिसतं.

1948 मध्ये मे महिन्यात इस्रायलची स्थापना झाली आणि जूनमध्ये अमेरिकेने विस्थापितांसाठी वेगळा कायदा केला. तेव्हा दारं उघडली, आणि लग्नांना नवी अडचण आली. जर्मन कायद्याला सरकारी विवाह नोंदणी लागते. रब्बींनी छताखाली लावलेलं लग्न तिथल्या कचेरीच्या लेखी लग्नच नव्हतं. व्हिसाला कागद हवा. जन्मदाखले गावाबरोबर जळालेले. मग शपथपत्रं, ओळखीच्यांच्या साक्षी, आणि दोन-दोन मुलं झालेल्या जोडप्यांची नोंदणी कचेरीत दुसऱ्यांदा लग्नं. म्हणून अशा कितीतरी कुटुंबांत लग्नाच्या दोन तारखा सापडतात. वयंही कागदावर बदललेली असतात, कारण छळछावणीत जीव वाचवायला सांगितलेलं खोटं वय नंतर तसंच चिकटून राहिलं.

रोझेनसाफ्ट कुटुंब 1950 मध्ये स्वित्झर्लंडला गेलं, नंतर न्यूयॉर्कला. इतर जण तेल अवीव, हैफा, ब्रुकलिन, टोरांटो, मेलबर्न इथे पांगले. सगळ्यात शेवटची छावणी, फोरेनवाल्ड, 1957 मध्ये बंद झाली.

पुष्कळ घरांत पहिल्या संसाराबद्दल बोललं जात नसे. नवरा-बायकोला एकमेकांचं ठाऊक असे, मुलांना नाही. सन 1955 च्या सुमारास जेरुसलेमच्या याद वाशेम या होलोकॉस्ट स्मारक संस्थेने मृतांच्या नोंदीचे अर्ज भरून घ्यायला सुरुवात केली: एका मृत व्यक्तीसाठी एक पान, त्यावर नाव, गाव, आई-वडिलांची नावं, आणि खाली भरणाऱ्याचं नाव, सही आणि मृताशी नातं. लोकांनी पहिल्या बायकोसाठी, पहिल्या मुलांसाठी ही पानं भरली. बरेचदा घरी काही न बोलता. 2004 मध्ये ही पानं इंटरनेटवर खुली झाली. आता वयस्कर झालेली मुलं तिथे आपल्या वडिलांचं नाव टाइप करतात. त्यांना वडिलांच्या हस्ताक्षरातलं एक पान सापडतं. मृताच्या वयापुढे लिहिलेलं असतं चार, आणि नात्यापुढे: वडील.